समुद्र आठवतो तसा लिहू, की तपासून लिहू? सोलापुरात बसून किनाऱ्याच्या आठवणी लिहिणाऱ्या ताईंना उत्तर

ताई, तुमचा प्रश्न वाचला, सोबतची पानंही वाचली, दोनदा वाचली. बाकीच्यांना संदर्भ लागावा म्हणून थोडक्यात सांगतो. ताईंचा जन्म 1958 चा, मालवणजवळच्या एका वाडीतला, अगदी किनाऱ्यावरचं घर. 1980 ला लग्न होऊन सोलापुरात आल्या, मिस्टर रेल्वेत होते, तेव्हापासून इथंच. आता नातवंडांसाठी म्हणून लहानपणच्या आठवणी लिहायला घेतल्यात, चाळीसेक पानं झालीत. मुलगा म्हणतो आई हे टुरिझमच्या जाहिरातीसारखं वाटतंय. भाऊ फोनवर म्हणतो, "तसा काय झालाच नाय." आणि ताईंना स्वतःला असं वाटायला लागलंय की ह्या सगळ्यात मी कुठाय. आठवतंय तसं लिहू की खरं काय ते शोधून लिहू, आणि सोलापुरात हे वाचणार कोण, असे त्यांचे प्रश्न.

मी इथं बरीच वर्षं लोकांची आत्मकथनं एडिट करतोय. मिल कामगार, शिक्षक, नर्स, कंडक्टर, विणकर, सगळ्यांची वह्या-रजिस्टरं घरात पडलेली असतात. किनाऱ्याकडून आलेल्या माणसांची त्यात थोडी, पण त्यांची एक खोड मला आता पाठ झालीय. शेतकऱ्याचा मुलगा लिहायला बसला की आधी कर्ज, बैल, भावकी हे येतं, शेत किती सुंदर होतं हे तो लिहीत नाही. किनाऱ्यावरचा माणूस मात्र लिहायला बसला की आधी सूर्यास्त काढतो. का? मला वाटतं आपण घाटावरच्या लोकांनीच त्याला ती सवय लावलीय. "तुम्ही काय बुवा समुद्राकाठचे, मज्जाय तुमची" हे चाळीस वर्षं ऐकल्यावर माणूस आपलं गावसुद्धा पाहुण्याच्या डोळ्यांनी बघायला लागतो.

तर सरळ उत्तर देतो. आधी आठवतंय तसंच लिहा, कुणाला न विचारता. मग तपासा. आणि तपासल्यावर जिथं आठवण एक म्हणते आणि हिशोब दुसरं म्हणतो ती जागा खोडू नका, दुरुस्त करून गुळगुळीत पण करू नका. तुम्ही कुठं आहात असं विचारताय ना, तर बहुतेक वेळा माणूस त्या न जुळणाऱ्या जागेतच सापडतो. हे कसं ते खाली एका उदाहरणानं सांगतो, पण आधी तुमच्या पानांबद्दल.

तुमच्या चाळीस पानांत "निळाशार", "अथांग" आणि "गाज" एवढ्यांदा आलंय की मी मोजायचं सोडून दिलं. पण ह्या पानांत कुणी काम करताना दिसत नाही हो. रापण येते, पण लांबून, चित्रासारखी, "रापण ओढणारे कोळी गात होते" एवढंच. रापण म्हणजे काय हे तुम्हाला मी सांगायचं म्हणजे अतीच झालं, पण सोलापूरच्या वाचकाला ते दिसायला नको का? होडीतून जाळं अर्धगोल टाकत न्यायचं, दोन्ही टोकांचे दोर किनाऱ्यावर, मग दोन बाजूंनी माणसं तास-तास ओढत आणणार, आणि मग वाटे पडणार, जाळ्याचा वेगळा, होडीचा वेगळा, ओढणाऱ्या माणसांचे वेगळे. तुमच्या घरात कुठला वाटा यायचा? जाळं तुमचं होतं का? वडील दोराला होते की होडीत? आई बांगड्याची पाटी डोक्यावर घेऊन कुठल्या गावाला विकायला जायची, किती चालायची, पैसे मिळायचे की भात मिळायचा? घरातल्या बायकांपैकी पोहता कुणाला येत होतं? घराचं दार समुद्राकडं होतं की पाठ समुद्राकडं होती? ह्या शेवटच्या प्रश्नाला तर बरेच लोक गडबडतात, आठवणीत दार समुद्राकडं उघडतं आणि भावाला विचारलं की कळतं तिकडं वाऱ्या-पावसाला अडवायला झापं, म्हणजे नारळाच्या विणलेल्या झावळ्या, लावलेली होती, बाहेर बघायची सोयच नव्हती.

आणि पावसाळा कुठाय? आता मासेमारीला सरकारी बंदी 1 जूनपासून लागते, तुमच्या लहानपणी समुद्रच बंदी घालायचा, नारळी पौर्णिमेला नारळ सोडल्याशिवाय होडी बाहेर पडत नव्हती. तुमच्या पानांत नारळी पौर्णिमा आहे, चांगली तीन पानं आहे, पण तिच्या आधीचा आषाढ नाहीच. होड्या वर ओढून झाकून ठेवलेल्या, घरात कमाई शून्य, सुका बांगडा किती उरलाय हे आई डब्यात हात घालून बघत असणार, वाण्याकडं उधारी. ते लिहिल्याशिवाय त्या नारळाला किंमत येत नाही, मग तो नुसता सण होतो.

आता तुमच्या पत्रातलं एक वाक्य. शेवटी शेवटी तुम्ही सहज लिहिलंय, "आता थांबते, आज आमच्याकडे पाणी येणार आहे, रात्री दोनला उठायचंय, लहानपणीची सवय आहे म्हणा, तेव्हा भरतीला उठायचो." ताई, चाळीस पानांत ह्या तोडीचं एक वाक्य नाही. सोलापुरात चार-पाच दिवसाआड नळाला पाणी, ते येणार कधी तर रात्री-अपरात्री, आणि ते भरायला उठणारी बाई ही तीच मुलगी आहे जी भरतीच्या वेळेला उठवली जायची. तुमचं पुस्तक इथून सुरू होतं असं माझं स्पष्ट मत आहे. आठवण सांगणारी बाई आज कुठं बसलीय, तिच्या खिडकीतून काय दिसतं, एप्रिलमधे त्रेचाळीस-चव्वेचाळीस डिग्रीत ती काय करते, हे पुस्तकात नसेल तर वाचकाला नुसता किनारा दिसतो, बघणारी दिसत नाही. "मी कुठाय" ह्याचं अर्धं उत्तर एवढंच आहे की तुम्ही स्वतःला सोलापुरासकट बाहेर ठेवलंय.

आता आठवणीच्या भरवशाचं बघू. भाऊ म्हणतो झालंच नाही, तुम्हाला तर डोळ्यासमोर दिसतंय, मग खोटं कोण? कुणीच नाही. ब्रिटनमधल्या बार्टलेट नावाच्या मानसशास्त्रज्ञानं 1932 च्या पुस्तकात हे मांडून ठेवलंय की आठवण म्हणजे कपाटातून काढलेली जशीच्या तशी वस्तू नव्हे, माणूस ती दर वेळी नव्यानं जुळवतो, आणि जुळवताना आपल्या ओळखीच्या, आपल्याला पटणाऱ्या साच्यात बसवतो. त्यानं लोकांना एक परकी लोककथा वाचायला देऊन पुन्हा पुन्हा सांगायला लावली, तर अनोळखी तपशील गळत गेले आणि कथा सांगणाऱ्याच्या ओळखीची होत गेली. तुमची कथा तुम्ही चाळीस वर्षं सोलापूरकरांना सांगताय. काय गळलं असेल आणि काय गोड झालं असेल ह्याचा अंदाज तुम्हीच करा.

दुसरी एक गोष्ट मला एडिटिंगमधे फार कामाला येते. 1983 मधे निग्रो आणि नायसर ह्या दोघांनी आठवणींचे दोन प्रकार अभ्यासले, एकात माणूस स्वतःच्या डोळ्यांनी बघतो, दुसऱ्यात तो स्वतःलाच बाहेरून बघतो, सिनेमात बघावं तसं. जुन्या आठवणींत हा बाहेरून बघण्याचा प्रकार जास्त सापडतो. तुमच्या पानांत आहे बघा, "लाल परकर घातलेली एक मुलगी वाळूत पळत होती, ती मी." स्वतःचा परकर, स्वतःची पाठ तुम्हाला कशी दिसली? म्हणजे हे चित्र नंतर कधीतरी तयार झालंय, फोटोवरून, आईनं सांगितल्यावरून, कशावरूनही. ते टाकून द्या असं नाही म्हणत मी. पण त्याच प्रसंगात स्वतःच्या डोळ्यांच्या उंचीवरून काय दिसत होतं हे शोधा. आठ वर्षांच्या मुलीला समुद्र कमी दिसतो आणि मोठ्या माणसांची धोतरं, पाट्यांच्या कडा, कुत्र्यांची तोंडं जास्त दिसतात. तिथून लिहिलं की भाषा आपोआप बदलते, "अथांग" सुचतच नाही.

आता ते उदाहरण. माझ्याकडे एक गृहस्थ यायचे, मूळ देवबागकडचे, नोकरी सगळी सोलापुरात झालेली. त्यांनी परवानगी दिलीय म्हणून सांगतो, नाव सांगत नाही. देवबाग म्हणजे एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला कर्ली नदीची खाडी आणि मधे जमिनीची चिंचोळी पट्टी. त्यांचं घर खाडीच्या अंगाला. त्यांनी लिहिलेलं प्रकरण होतं वडील गेले त्या दिवसाचं, ते तेव्हा नऊ वर्षांचे. फार चांगलं लिहिलेलं, भर दुपार, वडिलांना खळ्यात म्हणजे घरापुढच्या अंगणात ठेवलेलं, आणि पाणी चढत चढत गडग्याला, म्हणजे आवाराच्या दगडी कुंपणाला लागलेलं, पाण्याचा डुबूक डुबूक आवाज रडण्याच्या वर ऐकू येतोय. वाचून मी पण गप्प झालो. पण एक किडा डोक्यात होता म्हणून विचारलं, तिथी कुठली? ते म्हणाले ज्येष्ठ वद्य अष्टमी, दरवर्षी श्राद्ध करतो, चुकायचा प्रश्नच नाही.

आता किनाऱ्यावरच्या लोकांना माहीत असलेला हिशोब असा की तिथीची पाऊणपट करायची, ती भरतीची वेळ. अष्टमीला आठाची पाऊणपट सहा, म्हणजे पूर्ण भरती सकाळी सहाच्या आणि संध्याकाळी साडेसहाच्या सुमाराला. पौर्णिमा-अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वा अकरा. भरती रोज साधारण पन्नास मिनिटं पुढं सरकते म्हणून हा आडाखा बसतो, बंदराप्रमाणे थोडं मागंपुढं होतं तेवढं धरायचं. मग अष्टमीला भर दुपारी बाराला काय असणार? ओहोटी. बरं नुसती ओहोटी नाही, अष्टमीच्या आसपास चंद्र आणि सूर्य यांची ओढ एकमेकींच्या काटकोनात येते म्हणून पाणी फार चढत नाही, त्याला भांगाची भरती म्हणतात, उधाण येतं ते अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास. म्हणजे त्या दुपारी पाणी गडग्याला लागलेलं असणं शक्यच नाही. भरतीची वेळसुद्धा असती तरी त्या तिथीला एवढं वर आलं नसतं.

ते आधी चिडले. साहजिक आहे, बापाच्या मरणाचा हिशोब कोण मांडतो. म्हणाले मला आवाज आठवतो, तुम्ही सोलापूरचे, तुम्हाला काय कळतंय. मी म्हटलं आवाज आठवत असेल तर आवाज झालेलाच असणार, कुठल्या दिवशी झाला तेवढं शोधा. त्यांची मोठी बहीण गावाला होती, तिला फोन केला. तिनं सांगितलं की पाणी गडग्याला लागलं होतं ते अवसेला, बाबा गेले त्याच्या पुढच्या आठवड्यात. आणि त्या दिवशी काय झालं तर वडिलांनी ज्याच्याकडून पैसे उचलले होते तो व्यापारी माणसं घेऊन आला आणि होडी घेऊन गेला. उधाणाचाच दिवस का? कारण पावसाळ्यासाठी वर ओढून ठेवलेली होडी तरंगवायला खाडीचं पाणी तेवढं वर यावं लागतं, म्हणून त्यानं पंचांग बघून अमावास्या धरली. सकाळी अकराच्या पुढं पाणी चढलं, गडग्याला लागलं, होडी हलली, गेली. हा नऊ वर्षांचा पोरगा गडग्यावर बसून बघत होता. डुबूक डुबूक आवाज तो.

नंतर जे झालं ते मला महत्त्वाचं वाटतं. ते दोनेक महिने आलेच नाहीत, मग एक दिवस नवीन पानं घेऊन आले. त्यात लिहिलेलं होतं की खरं सांगायचं तर वडील गेले त्या दिवशीचं मला जवळपास काही आठवत नाही, कुणीतरी चहा दिला होता एवढंच. भीती वाटली ती होडी गेल्यावर, कारण तेव्हा कळलं की आता आपलं काही राहिलं नाही. आणि बापापेक्षा होडीसाठी जास्त रडलो ह्याची लाज वाटून मी ते रडणं पन्नास वर्षं बापाच्या दिवसाला नेऊन चिकटवलं. मी सोलापुरात येऊन घर घेताना कर्ज काढायला एवढा का घाबरलो, बायकोला इतकी वर्षं भाड्याच्या घरात का ठेवलं, हे त्यांनी त्याच प्रकरणात पुढं लिहिलंय. हे सगळं एका तिथीच्या हिशोबातून निघालं. आम्ही पुस्तकात दोन्ही ठेवलं, आधी जुनं प्रकरण जसंच्या तसं, मग "त्या दुपारी ओहोटी होती" असं नवीन प्रकरण.

तुम्हाला ह्यासाठी फार लांब जायची गरज नाही. दाते पंचांग आपल्या सोलापुरातूनच निघतं, जुनी पंचांगं जपून ठेवणारी घरं पण इथं सापडतात. कालनिर्णय 1973 पासूनचं, आणि ते सुरू करणारे जयंतराव साळगावकर मूळचे तुमच्या मालवणचे, म्हणजे दोन्हीकडून तुमचं घरचंच काम. घरात कोण कधी जन्मलं, कोण कधी गेलं, लग्नं, ह्याच्या तिथ्या तुम्हाला पाठ असणारच. प्रत्येक प्रसंगापुढं तिथी लिहा, पाऊणपट करा, आणि त्या वेळेला पाणी कुठं होतं ते बघा. बऱ्याच ठिकाणी जुळेल, तिथं पुढं जा. चार-दोन ठिकाणी जुळणार नाही, तिथं थांबा.

तपासायच्या आणखी एक-दोन गोष्टी पटकन सांगतो. पहिल्याच पानावर "सिंधुदुर्ग जिल्ह्यात माझा जन्म झाला" असं आहे. सिंधुदुर्ग जिल्हा झाला 1 मे 1981 ला, तुम्ही तोपर्यंत लग्न होऊन सोलापुरात आलेल्या. तुमचा जन्म रत्नागिरी जिल्ह्यातला, आणि 1958 म्हणजे महाराष्ट्र राज्य पण झालेलं नव्हतं, तेव्हा द्विभाषिक मुंबई राज्य. छोटी गोष्ट वाटेल, पण बघा ना, तुम्ही इकडं आलात आणि मागं तुमच्या जिल्ह्याचं नाव बदललं, ह्याच्यावर एक पॅराग्राफ होतो. तसंच पान तीसच्या पुढं "ट्रॉलर आले आणि रापण बसली" हे तुम्ही बघितल्यासारखं लिहिलंय. त्यातलं किती तुम्ही स्वतः बघितलं आणि किती भावाकडून ऐकलं? यांत्रिक बोटी विरुद्ध पारंपरिक मच्छीमार हे भांडण वाढत गेलं, राज्याचा सागरी मासेमारीचा कायदा 1981 चा, पर्ससीन जाळ्यांवर, म्हणजे माशांचा अख्खा थवा वेढून खालून आवळणाऱ्या मोठ्या जाळ्यांवर, निर्बंध 2016 ला आले, म्हणजे ह्यातला मोठा भाग तुम्ही इकडं असतानाचा आहे. कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाली 26 जानेवारी 1998 ला, तुम्ही माहेरी जायचात ते कोल्हापूरवरून घाट उतरून एसटीनं. तो प्रवास कुठंच नाही! लेकरं घेऊन, उलट्या करत, एवढ्या लांब जायचात आणि पोचल्यावर आई काय म्हणायची ते लिहा की.

भावाबरोबरचा वाद माझ्या मते इथूनच येतो. तुमचा किनारा 1980 ला थांबला, त्याचा चालू राहिला. त्यानं रापण बसताना बघितली, घरापुढची वाळू खचताना बघितली, पोरं हॉटेलात कामाला लागताना बघितली. त्याला मधली चाळीस वर्षं बाजूला करून 1968 आठवायचं म्हणजे सोपं नाही, तुम्हाला सोपं आहे कारण मधे काही आलंच नाही. त्यामुळं तुमची आठवण काही बाबतीत जास्त टवटवीत असेल, आणि त्याची जास्त खरी असेल, किंवा उलट. दोघांचं बोलणं व्हॉट्सॲपवर व्हॉइस मेसेजनं होऊ द्या, त्याला मालवणीतच बोलू द्या, तुम्ही पण मालवणीतच बोला, आणि तो "नाय" म्हणाला की वाद घालू नका, एवढंच विचारा, "मगे काय झाला?" त्याचं उत्तर त्याच्या शब्दांत पुस्तकात येऊ द्या, तुमच्या आठवणीच्या शेजारी. वाचक दोन्ही वाचून आपलं काय ते ठरवतो, तो काही लहान नसतो.

फोटोंचं एक सांगतो. अल्बम आत्ता उघडू नका. आधी लिहा, मग फोटो बघा. फोटो बघितला की आठवण फोटोच्या चौकटीत जाऊन बसते, आणि चौकटीबाहेर कोण उभं होतं ते कायमचं जातं. त्याऐवजी वासाचा उपयोग करा. वासाचं ज्ञान मेंदूत भावना आणि आठवणीच्या भागांपर्यंत बाकीच्या इंद्रियांपेक्षा सरळ रस्त्यानं पोचतं, आणि वासानं जागी होणारी आठवण बऱ्याचदा अगदी लहानपणातली निघते. एक सुका बांगडा आणा आणि गॅसवर सरळ जाळीवर भाजा. इथं मार्केटात उजनीची चिलापी, कटला भरपूर, पण त्यानं तुमचं काम होणार नाही, खारवलेला बांगडाच पाहिजे. अपार्टमेंटमधले लोक दार वाजवतील, वाजवू द्या, तो प्रसंग पण लिहा. खरं तर तो आधी लिहा. लग्न होऊन आल्यावर ह्या शहरात पहिल्यांदा मासे केले तेव्हा सासरी, शेजारी काय झालं, की वर्षानुवर्षं केलेच नाहीत? शेंगा चटणी आणि कडक भाकरीच्या गावात मासे खाणारी सून म्हणून काय ऐकून घेतलंत? तुमच्या पानांत ह्याबद्दल एक अक्षर नाही आणि मला शंका आहे की ते मुद्दामच नाही.

भाग पाडायचे असतील तर वयाप्रमाणे पाडायच्या भानगडीत पडू नका. दहा ते तीस ह्या वयातलं माणसाला जास्त आठवतं हे अभ्यासातून पुन्हा पुन्हा दिसलंय, त्यामुळं वयाप्रमाणे गेलात तर मधे फुगीर आणि दोन्हीकडं रोड असं पुस्तक होईल. तुमच्या बाबतीत त्या वीस वर्षांतली बारा तिकडं आणि आठ इकडं पडतात, ही तर चांगलीच गोष्ट झाली. पाण्याच्या वेळांवर रचा, एक प्रकरण तिकडच्या भरतीचं, एक इकडच्या नळाचं, जमेल तसं. जबरदस्ती नको, नाहीतर ती पण एक युक्ती वाटायला लागेल.

सोलापुरात कोण वाचणार म्हणता? अहो इथं तेलंगणातून आलेली विणकरांची घरं आहेत, कानडी आहेत, मराठवाड्यातून दुष्काळात आलेले आहेत, मिलमधे कामाला म्हणून आजोबा आले आणि मिल बंद पडून पण राहिले असे आहेत. मागं सोडलेलं गाव नाही असं घर ह्या शहरात शोधून काढावं लागेल. पद्मशाली समाजातल्या एका आजींना मी तुमचं ते नळाच्या पाण्याचं वाक्य वाचून दाखवलं, लेखिका कोण ते न सांगता. त्यांनी समुद्र कधी बघितलेला नाही. म्हणाल्या, पुढं काय झालं?

आता शेवटचा तुमचा प्रश्न, तुमच्या वडिलांना फसवणाऱ्या त्या माणसाचं खरं नाव घालू का, तो आता हयात नाही. माझा सल्ला, घालू नका. एक तर कायद्याची बाजू आहे, 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत बदनामीचं कलम 356 आहे, आणि मेलेल्या माणसाबद्दल लिहिलं तरी त्याच्या घरच्यांच्या भावना दुखवायच्या हेतूनं लिहिलं असं ठरलं तर ते बदनामीत येऊ शकतं. प्रकरण छापायला जायच्या आधी वकिलाला एकदा दाखवून घ्या. पण कायदा बाजूला ठेवला तरी, तुम्ही ते दोन पानांचं प्रकरण रागानं लिहिलंय आणि रागात त्या माणसाचा चेहरा, आवाज, बसायची पद्धत काहीच आलेलं नाही, नुसतं नाव आलंय. नाव काढलंत की तुम्हाला त्याला दाखवावा लागेल. तो तुमच्या खळ्यात आला तेव्हा कुठं बसला, आईनं त्याला पाणी दिलं का, वडील त्याच्याशी बोलताना उभे होते की बसलेले, एवढं लिहून पाठवा. त्या दिवसाची तिथी आठवत असेल तर ती पण.